झाकलेल्या शब्दाचा कारागीर

होळीपौर्णिमेची होळी विझत आली, निखाऱ्यांत भाजलेले नारळ काठीने ओढून बाहेर काढून झाले आणि आया आपापल्या लहानग्यांना घराकडे पिटाळू लागल्या, म्हणजे आमच्या वरळी कोळीवाड्यात, किल्ल्याच्या उतारावरच्या एका ओट्यावर, जी बैठक आपोआप जमे, तिचे आमंत्रण कोणी देत नसे आणि तिची वेळही कोणी नेमून दिलेली नसे. या सणाला आमच्याकडे हावलूबाय म्हणतात, आणि त्या एका रात्री एरव्ही तोंडावर पदर धरणाऱ्या म्हाताऱ्यांनाही बोलण्याची पूर्ण मुभा असते. शेजारची एक आजी, दिवसभर मासळीच्या पाटीशी बसून जिचा आवाज घोगरा झालेला असे, त्या बैठकीत कोडे घाली. कोड्यातील एकेक शब्द सुटा करून पाहिला, तर तो देवीच्या गाभाऱ्यातही उच्चारता यावा इतका स्वच्छ असे; परंतु ते शब्द ती ज्या क्रमाने ठेवी आणि ज्या ठिकाणी क्षणभर थांबे, त्या क्रमामुळे आणि त्या थांबण्यामुळे ओट्यावरची तरणीताठी माणसे एकमेकांना कोपराने ढोसू लागत, सुना माना खाली घालीत, आणि मग कोणी तरी धीर करून भलतेच उत्तर पुटपुटले की आजी शांतपणे म्हणे, "वल्हं." लोक ओरडत, आजीला वाईट म्हणत, आणि ती उत्तर देई, "पाप तुमचे मनान हाय, माजे तोंडान निस्तं वल्हं."

मी तेव्हा घरी पिटाळल्या जाणाऱ्यांतला होतो आणि भिंतीआडून ऐकत होतो. पुष्कळ वर्षांनी, चित्रपटांच्या पटकथा कशा लिहिल्या जातात याचा थोडाफार अभ्यास करू लागल्यावर, मला उमगले की त्या एका वाक्यात आजीने एका संपूर्ण लेखनव्यवसायाचे मर्म सांगून ठेवले होते. प्रौढांसाठीच्या करमणुकीचा लेखक, तो मुंबईचा असो वा तोक्योचा, याच मर्मावर आपला चरितार्थ चालवीत आला आहे. नटाचे नाव पोस्टरवर येते, दिग्दर्शकाचे परीक्षणात येते, निर्मात्याचे कोर्टाच्या समन्सावर येते. परंतु ज्याने ते शब्द योजिले त्या लेखकाच्या कारकिर्दीची हकीकत फारशी कोणी सांगत नाही. जपानमध्ये अशा लेखकांचा एक मोठा वर्ग होऊन गेला. आपल्याकडे तसा उद्योग उघडपणे कधी उभा राहिला नाही. तथापि शृंगाराला विनोदाचे पांघरूण घालून प्रौढ श्रोत्यांपुढे मांडण्याची विद्या आपल्याकडे अतिशय जुनी आहे, आणि ती रंगमंचावरून पडद्यावर आणणारा लेखक कोण, असे विचारले तर माझ्या मते त्याचे उत्तर एकच आहे : वसंत सबनीस. सबनीसांचे लेखन आणि जपानी शृंगारपट यांना मी एका पंक्तीला बसवीत नाही, हे येथेच स्पष्ट केलेले बरे. दोहोंतील अंतर मोठे आहे. परंतु बंधनाखाली लिहिणाऱ्या लेखकाने त्या बंधनाचे काय केले, हा प्रश्न दोन्हीकडे सारखाच आहे, आणि त्या प्रश्नापायीच हा लेख लिहीत आहे.

आधी आपल्या घरचे पाहू. गिरणगावात लालबागच्या हनुमान थिएटरात तमाशाचे फड लागत आणि तेथून हाकेच्या अंतरावरील भारतमाता चित्रगृहात मराठी बोलपट लागत. दोन्हींचा प्रेक्षक एकच, पाळी संपवून आलेला गिरणीकामगार. तमाशाची मांडणी ठरलेली : गण, गवळण, बतावणी, वग. त्यातील गणात देवाला वंदन, वगात राजाराणीची किंवा गावगाड्याची गोष्ट. आणि या दोहोंच्या मध्ये गवळणींची वाट अडवणारा कृष्ण, मावशी, पेंद्या आणि सोंगाड्या यांच्या तोंडून जो श्लेषाचा धबधबा कोसळे, त्याची संहिता कोणी कागदावर उतरवून ठेवीत नसे. लावणीला कर्ता असे. राम जोशी, होनाजी बाळा, पठ्ठे बापूराव हे आपले नाव शेवटच्या चरणात गुंफून ठेवीत आणि त्या नाममुद्रेने मालकी सिद्ध होई. बतावणीला मात्र मालक नव्हता. ती सोंगाड्याच्या जिभेवर जन्मे आणि त्याच रात्री विरून जाई. स्वातंत्र्यानंतर प्रयोगांच्या पूर्वपरीक्षणाची व्यवस्था रुळली आणि नाटकाप्रमाणेच वगाचीही संहिता सरकारदरबारी सादर करून तिच्यावर मंजुरीचा शिक्का घ्यावा लागू लागला. या हुकमाचा एक परिणाम, जो हुकूम काढणाऱ्यांच्या मनात बहुधा नसावा, असा झाला की जी विद्या केवळ मौखिक होती ती कागदावर आली, आणि कागद आला म्हणजे लेखक आला. पु. ल. देशपांडे यांनी 'पुढारी पाहिजे' लिहिले, व्यंकटेश माडगूळकरांनी 'बिनबियांचे झाड' लिहिले, आणि १९६५ साली सबनीसांचा 'छपरी पलंगाचा वग' रंगमंचावर आला, जो 'विच्छा माझी पुरी करा' या नावाने महाराष्ट्राच्या घराघरांत पोहोचला.

सबनीस हे आडनावच मुळी दफ्तराचे आहे. किल्ल्यावर हवालदार, सरनोबत, सबनीस आणि कारखानीस असे अंमलदार असत, आणि त्यातील सबनिसाकडे शिबंदीची हजेरी व जमाखर्चाची लिखापढी असे. वसंत सबनिसांचा जन्म १९२३ सालचा, आणि तेही सरकारच्या प्रसिद्धी खात्यात नोकरीला होते; दिवसा सरकारच्या योजनांचा मजकूर आणि रात्री राजाच्या दरबाराची टवाळी, अशी दोन दफ्तरे एकाच हाताने सांभाळणे ही गोष्ट वाटते तितकी विसंगत नाही. ज्याला सरकारी भाषेतील प्रत्येक शब्दाचे वजन ठाऊक असते, त्यालाच एखादा शब्द किती निष्पाप दिसू शकतो हेही नेमके कळते. 'विच्छा'मध्ये राजाचा दरबार आहे, कोतवालीची खुर्ची आहे, त्या खुर्चीवर डोळा असलेला हवालदार आहे, मैनावती नावाची नर्तकी आहे आणि सगळ्या घडामोडींच्या मध्यभागी तो छपरी पलंग आहे. पलंग हे साधे घरातील सामान. परंतु सबनिसांनी त्याला राजकारणाच्या मध्यावर ठेवले, आणि मग सत्तेची हाव व देहाची हाव या दोन गोष्टी एकाच लाकडी चौकटीत अशा काही बसविल्या की प्रेक्षकाने एकीला हसावे आणि दुसरी त्याला बोचावी. त्यांच्या श्लेषाला दोनच नव्हे तर तीन तळ असत : वरचा शब्दार्थ, मधला शृंगार आणि खालचा उपरोध. नुसता मधला तळ गाठून थांबणारे लेखक पुष्कळ झाले, आणि तिसऱ्या तळापर्यंत उतरण्याचे त्यांना कधी सुचले नाही.

हवालदाराच्या भूमिकेत उभे राहिले दादा कोंडके. जन्म १९३२ चा, नायगावच्या गिरणीकामगाराच्या कुटुंबातला. राष्ट्र सेवा दलाच्या कलापथकात तयार झालेले. दादांपाशी बतावणीची उपजत जीभ होती, सबनिसांपाशी वगाची बांधीव रचना होती; आणि लेखकाने रचनेचा ताबा आपल्याकडे ठेवून जिभेला मोकळीक दिली. त्या दिवशीच्या वर्तमानपत्रातील बातमी त्याच रात्रीच्या प्रयोगात येई, आणि मंजूर संहिता जशीच्या तशी शाबूत राहूनही प्रत्येक रात्रीचा प्रयोग नवा असे. पंधराशेहून अधिक प्रयोग झाले. आशा भोसले यांनी प्रयोग पाहिला, भालजी पेंढारकरांपाशी दादांचे नाव काढले, आणि १९६९ च्या 'तांबडी माती'तून दादा पडद्यावर आले, ही हकीकत सर्वश्रुत आहे.

खरी परीक्षा त्यानंतर आली. रंगमंचावर अभिनेता डोळा मिचकावतो आणि त्या मिचकावण्याची नोंद कोणत्याही दफ्तरात होत नाही. पडद्यावर मात्र तो डोळा फितीवर कायमचा उमटतो आणि परीक्षण मंडळाच्या सभासदांना ती फीत पुनःपुन्हा उलटी-सुलटी फिरवून पाहता येते. १९५२ च्या सिनेमॅटोग्राफ कायद्याने चित्रपटांना सर्वांसाठी 'यू' आणि प्रौढांसाठी 'ए' अशी दोन प्रमाणपत्रे मिळत. त्यांच्या दरम्यानचे 'यूए' हे तिसरे १९८३ मध्ये आले. १९६९ साली खोसला समितीने परीक्षणाच्या एकूण पद्धतीचा फेरविचार सुचविला होता, आणि १९७० साली ख्वाजा अहमद अब्बास यांच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने चित्रपटाचे पूर्वपरीक्षण घटनेला धरून आहे असा निर्वाळा दिला होता. अब्बासांच्या त्या लघुपटात मुंबईच्या वेश्यावस्तीची दृश्ये होती आणि त्यावरूनच वाद उद्भवला होता. अशा वातावरणात १९७१ साली, गोविंद कुलकर्णी यांच्या दिग्दर्शनाखाली आणि दादांच्याच निर्मितीत, सबनिसांनी 'सोंगाड्या' लिहिला.

त्यातला नाम्या आठवून पाहा. आयेच्या धाकातला, भाबडा, वाढलेल्या अंगाचा पण न वाढलेल्या मनाचा खेड्यातला पोरगा; तमाशाच्या कनातीत शिरतो आणि कलावतीच्या नादाने सोंगाड्या होऊन बसतो. येथे सबनिसांनी जी योजना केली ती मला पटकथालेखनातील फार मोठी हुशारी वाटते. रंगमंचावरचा सोंगाड्या चतुर असतो. त्याला दोन्ही अर्थ ठाऊक असतात आणि ते ठाऊक आहेत हे प्रेक्षकालाही ठाऊक असते. नाम्याला मात्र दुसरा अर्थ ठाऊकच नाही. तो जे बोलतो ते सरळ मनाने बोलतो; अर्थ लागतो तो समोरच्या पात्राला आणि खुर्चीवर बसलेल्या प्रेक्षकाला. बोलणाऱ्याच्या मनातून पाप काढून घेऊन ते ऐकणाऱ्याच्या मनात ठेवायचे, म्हणजे परीक्षकाने कात्री कोठे लावायची? वाक्य निर्मळ, पात्र निर्मळ, दृश्य निर्मळ. आणि तरीही चित्रगृह हसून लोळते आहे. आमच्या ओट्यावरच्या आजीचे वल्हे ते हेच. आणि या योजनेत केवळ पळवाट नव्हती, त्यात करुणाही होती. कारण जो स्वतः निष्पाप आहे त्याच्यामुळे जग हसते, पण जग त्याला फसवतेही, आणि म्हणून 'सोंगाड्या' संपताना नुसते हसू उरत नाही. दादरच्या कोहिनूर चित्रगृहात या चित्रपटाला जागा मिळण्यासाठी बाळासाहेब ठाकरे यांना मध्ये पडावे लागले, हे लोकांना आठवते. त्या चित्रपटाच्या प्रत्येक संवादामागे सबनिसांनी केलेली ही बांधणी होती, हे मात्र सहसा कोणाला आठवत नाही.

आता समुद्रापलीकडे जाऊ, कारण त्याच १९७१ साली, नोव्हेंबरच्या २० तारखेस, जपानमध्ये नेमकी उलट परिस्थिती पुढे ठेवून एका जुन्या चित्रसंस्थेने नवे खाते उघडले. १९५८ साली जपानमध्ये वर्षाकाठी एक अब्जाहून अधिक तिकिटे विकली जात होती. दूरदर्शन संच घरोघरी गेले आणि १९७० पर्यंत तो आकडा सुमारे पंचवीस कोटींवर घसरला. १९७१ च्या डिसेंबरात दाइएइ ही नामांकित संस्था दिवाळखोरीत निघाली. १९१२ साली स्थापन झालेल्या निक्कात्सुने बुडण्यापेक्षा दुसरा मार्ग पत्करला आणि केवळ प्रौढांसाठी 'रोमन पोर्नो' या नावाची चित्रमालिका सुरू केली, जी १९८८ पर्यंत चालली आणि जिच्यात सुमारे अकराशे चित्रपट निघाले. पहिल्या चित्रपटाची नायिका 'दांची'त राहणारी गृहिणी होती. दांची म्हणजे युद्धोत्तर काळात उभारलेल्या एकसारख्या इमारतींच्या वसाहती. वरळीच्या बीडीडी चाळींच्या रांगा किंवा गृहनिर्माण मंडळाच्या वसाहती ज्याने पाहिल्या आहेत, त्याला एकाच मापाच्या खिडक्यांआड कोंडलेल्या आयुष्याची ती कल्पना निराळी समजावून सांगायला नको.

निक्कात्सुच्या आधीपासूनच छोट्या स्वतंत्र निर्मात्यांचे तथाकथित 'पिंक' चित्रपट जपानमध्ये निघत होते. सातोरू कोबायाशी याचा १९६२ सालचा 'निकुताई नो इचिबा', म्हणजे 'देहाचा बाजार', हा त्यांतील पहिला मानला जातो. सुमारे तीस लक्ष येनांचे भांडवल, जेमतेम आठवड्याचे चित्रीकरण, तासाभराची लांबी, आणि एका तिकिटात तीन चित्रपट, असा तो धंदा. लेखकाला दिलेला हुकूमही तितकाच रोखठोक असे. निक्कात्सुत सुमारे सत्तर मिनिटांच्या चित्रपटात दर दहा मिनिटांगणिक एक शृंगारप्रसंग यावा, ही अट. आणि ती पाळली म्हणजे उरलेल्या मिनिटांत लेखक-दिग्दर्शकाने काय करावे यात कोणी ढवळाढवळ करीत नसे. दंडसंहितेच्या १७५ व्या कलमान्वये अश्लील वस्तूचे प्रदर्शन गुन्हा, आणि १९४९ पासून चित्रव्यवसायाने स्वतःच नेमलेली 'एइरिन' ही परीक्षणसंस्था त्या कलमाचा अर्थ लावून देहाचे कोणते भाग दिसू नयेत ते ठरवी. आपल्याकडे देह झाकलेला आणि म्हणून सगळा भार शब्दावर. तिकडे देह बराचसा उघडा, आणि म्हणून शब्दाला एका निराळ्याच कामासाठी मोकळीक. आपल्या लेखकाला दोन अर्थांचे एक वाक्य रचावे लागे, आणि त्यांच्या लेखकाला दर दहा मिनिटांच्या ठरलेल्या दोन प्रसंगांमध्ये एक अख्खे आयुष्य बसवावे लागे.

ते ज्याने सर्वांत सुंदर बसवले तो तात्सुमी कुमाशिरो. जन्म १९२७ चा. निक्कात्सुत साहाय्यक म्हणून आणि पटकथालेखक म्हणून वर्षे घातलेला. १९६८ साली त्याने दिग्दर्शित केलेला पहिला चित्रपट पडला आणि पुढची काही वर्षे त्याला कोणी उभे केले नाही. नव्या मालिकेने त्याला पुन्हा संधी दिली. १९७२ च्या मे महिन्यात इचिजो सायुरी नावाची एक विख्यात रंगमंच-नर्तकी, जिच्या विवस्त्र नृत्याला गावोगाव गर्दी लोटे, निवृत्तीच्या प्रयोगातच ओसाकामध्ये पकडली गेली. त्याच वर्षी कुमाशिरोने तिच्यावर पटकथा लिहिली, तिलाच स्वतःच्या भूमिकेत पडद्यावर उभे केले. आणि तिच्याशेजारी एक तरुण, मत्सरी, खोटे बोलणारी, पण जगण्याची जबर हाव असलेली नर्तकी निर्माण केली, जिला इचिजोची जागा हवी आहे. चौकीदार, पोलीस, पडद्यामागची लगबग, पैशाचा हिशेब, हे सगळे त्या चित्रपटात आहे. ज्या कायद्याच्या कक्षेत राहून तो लिहीत होता, त्याच कायद्याला त्याने पटकथेतले एक पात्र करून टाकले. 'किनेमा जुन्पो' या जपानच्या जुन्या व मान्यवर चित्रपट-नियतकालिकाने त्या वर्षीच्या उत्तम दहा चित्रपटांत त्याची गणना केली. तमाशाच्या कनातीत नाचणाऱ्या कलावतीकडे आपल्या चित्रपटांनी बहुतेक वेळा नायकाच्या नजरेने पाहिले; तिच्या स्वतःच्या नजरेने, तिच्या धंद्यातील हेव्यादाव्यांसकट पाहणारी पटकथा आपल्याला फार कमी मिळाली, ही खंत मला कुमाशिरोचे काम पाहताना वाटल्यावाचून राहत नाही.

पुढच्याच वर्षी त्याने 'योजोहान फुसुमा नो उराबारी' लिहिला व दिग्दर्शित केला. या नावाची हकीकत भाषेच्या रसिकांनी जरूर ऐकावी. नागाई काफू या थोर कादंबरीकाराच्या नावावर सांगितली जाणारी एक गुप्त शृंगारकथा आहे, जिच्या नावाचा अर्थ साडेचार चटयांच्या खोलीतील सरकत्या दाराच्या कागदाखालचा थर असा होतो. ती छापल्याबद्दल आकियुकी नोसाका या लेखकावर त्याच सुमारास खटला चालू होता, आणि १९८० साली सर्वोच्च न्यायालयापर्यंत जाऊन त्याची शिक्षा कायम झाली. कुमाशिरोने नावातील अखेरचा शब्द बदलला : 'शिताबारी' म्हणजे आतला थर, 'उराबारी' म्हणजे अस्तर. एका शब्दाच्या फरकाने खटल्याची आठवणही राहिली आणि खटला मात्र टळला. चित्रपटात १९१८ सालचे गेशागृह आहे. खोलीत शृंगार चालू आहे, आणि मधूनमधून पडद्यावर अक्षरे उमटतात की बाहेर तांदळासाठी दंगे पेटले आहेत, सैन्य सायबेरियाकडे निघाले आहे. सबनिसांनी पलंगाच्या आडून दरबार दाखवला. कुमाशिरोने चटईच्या आडून साम्राज्य दाखवले. फ्रान्सच्या त्रुफोसारख्या दिग्दर्शकाने या चित्रपटाची वाखाणणी केली, ती उगाच नव्हे.

या वर्गातील बाकीच्यांची कारकीर्द मी थोडक्यात सांगतो. कोजी वाकामात्सु याच्या संस्थेतील लेखक, ज्यांत मासाओ आदाची प्रमुख होता, 'देगुची' आडनावाच्या एका सामाईक टोपणनावाने लिहीत; देगुची हे खरेखुरे जपानी आडनाव, पण त्याचा अर्थ बाहेर पडण्याचा दरवाजा. आपल्या शाहिराने शेवटच्या चरणात नाव कोरले, ते नावाचाच दरवाजा करून तेथून स्वतः निसटून गेले. आत्सुशी यामातोया याने पिंक चित्रपट लिहिले आणि मुलांच्या आवडत्या 'लुपिन तिसरा' या चित्रमालिकेचे भागही लिहिले. योझो तानाका निक्कात्सुच्या मालिकेसाठी लिहीत असे. तोच पुढे सेइजुन सुझुकीच्या १९८० च्या 'झिगॉयनरवाइझेन'चा आणि पुढल्याच वर्षीच्या 'कागेरो-झा'चा लेखक झाला, ज्यांना जपानी चित्रपटकलेची अभिजात रत्ने मानतात. ताकाशी इशी याने आपल्याच चित्रकथांवरून 'एंजल गट्स' मालिकेच्या पटकथा लिहिल्या आणि तो पुढे स्वतः दिग्दर्शक झाला. मासाहिरो कोबायाशी याने पिंक पटकथांवर हात बसवला आणि २००५ साली त्याचा 'बॅशिंग' कानच्या स्पर्धेत दाखल झाला. कमी पैसा, कमी दिवस आणि ठरलेली अट यांच्या तालमीत ज्यांचा हात तयार झाला, त्यांना पुढे मोठ्या पटाची भीती वाटली नाही.

परंतु या चित्राची दुसरी बाजू झाकून ठेवणे अप्रामाणिकपणाचे होईल. १९७२ च्या जानेवारीत पोलिसांनी निक्कात्सुच्या काही चित्रपटांवर जप्ती आणली, आणि दिग्दर्शक व संस्थेचे अधिकारी यांच्याबरोबर एइरिनच्या परीक्षकांनाही आरोपी केले. १९७८ साली सर्वजण निर्दोष सुटले आणि १९८० साली वरिष्ठ न्यायालयाने तो निकाल कायम केला. न्यायालयाने निर्दोष म्हटले याचा अर्थ ते सगळे लेखन निर्दोष होते असा मात्र नाही. त्या अकराशे चित्रपटांत आणि त्यांच्या भोवतालच्या पिंक चित्रपटांत स्त्रीवरील बळजबरी ही करमणूक म्हणून मांडलेली कितीतरी वेळा आढळते. 'एंजल गट्स'मध्ये इशीने पीडितेच्या बाजूने पाहण्याचा प्रयत्न केला असे त्याचे चाहते म्हणतात, परंतु तो प्रयत्न आणि तिकीट विकत घेणाऱ्याची अपेक्षा यांच्यातील झगडा त्याच्या पटकथांत मिटलेला मला दिसत नाही. अट पाळणे हे कौशल्य आहे. अटीपायी माणसाला वस्तू करणे हा लेखकाचा पराभव आहे, मग तो तोक्योत होवो वा मुंबईत. साची हामानो या स्त्रीने याच धंद्यात शिरून तीनशेहून अधिक चित्रपट केले आणि कॅमेऱ्याची नजर स्त्रीकडे वळवण्याचा आग्रह धरला, ही एक दिलासा देणारी गोष्ट. आपल्या बाजूला दुअर्थी संवादांच्या इतिहासात लेखिकेची जागा मला कोठे सापडत नाही. खरे तर आमच्या ओट्यावर कोडे घालणारी आजीच होती, आणि तरीही ती विद्या पडद्यावर गेली ती सर्वस्वी पुरुषांच्या हाताने.

पुन्हा सबनिसांकडे येतो. 'सोंगाड्या'नंतर दादांचे चित्रपट एकामागून एक रौप्यमहोत्सवी होत गेले, इतके की नऊ चित्रपटांचा तो विक्रम गिनेसच्या पुस्तकात गेला. पुढच्या काळात त्या चित्रपटांचे लेखन इतरांच्या हाती गेले. राजेश मुजुमदार हे त्यांतील ठळक नाव. जसजशी वर्षे गेली तसतसा श्लेष संवादातून उठून थेट चित्रपटाच्या नावात जाऊन बसला. मराठीत 'आली अंगावर', हिंदीत 'अंधेरी रात में दिया तेरे हाथ में', 'खोल दे मेरी जुबान'. दादांच्या विनोदाच्या जातिवंतपणाबद्दल मला अणुमात्र शंका नाही, आणि गिरणगावातील माणसाला त्यांनी जे हसू दिले त्याचे मोलही मी जाणतो. तरी एक गोष्ट म्हणायला हवी : पांघरूण इतके पातळ झाले की त्याच्याखाली काय आहे हे प्रेक्षकाला तिकीट काढण्यापूर्वीच कळू लागले, आणि जे आधीच कळले आहे त्यावर हसण्यात पहिली मजा उरत नाही. तिसरा तळ, उपरोधाचा, तर केव्हाच बुजून गेला होता. 'सोंगाड्या'तला नाम्या निष्पाप होता म्हणून त्याच्या तोंडी तो संवाद शोभला. पुढच्या नायकांना दुसरा अर्थ चांगला ठाऊक होता.

सबनीस मात्र निराळ्या वाटेने गेले. 'सौजन्याची ऐशी तैशी' आणि 'गेला माधव कुणीकडे' यांसारखी नाटके, 'नवरी मिळे नवऱ्याला', 'गंमत जंमत' यांसारखे चित्रपट त्यांच्या लेखणीतून उतरले. आणि १९८८ साली, निक्कात्सुने आपली मालिका बंद केली त्याच साली, 'अशी ही बनवाबनवी' आला. त्याचे कथाबीज हृषीकेश मुखर्जींच्या १९६६ च्या 'बीवी और मकान'मधले. राहायला जागा मिळावी म्हणून दोन पुरुष बायकांच्या वेशात वावरतात. ज्या प्रसंगात साधारण लेखक सहज घसरला असता, तेथे आजोबा, नातू आणि सून एकत्र बसून हसतील असे संवाद सबनिसांनी लिहिले. हे त्यांना कोठून साधले असेल, असा विचार करताना मला तमाशातली मावशी दिसते. मावशी म्हणजे लुगडे नेसलेला पुरुष. लुगडे ज्याला अंगभर नेसता येते त्यालाच ते किती सोडायचे आणि कोठे थांबायचे हे कळते. 'छपरी पलंगाचा वग' लिहिताना जो हात तयार झाला, तोच हात येथे अधिक झाकून लिहीत होता.

२००२ साली सबनीस गेले. आज चित्रपटाच्या सुरुवातीची श्रेयनामावली भराभर पुढे ढकलली जाते, आणि भ्रमणध्वनीवर पाहणारा तर ती पाहतच नाही. वाचकांना माझी एवढीच विनंती आहे : 'सोंगाड्या' पुन्हा पाहाल तेव्हा लेखकाच्या नावापाशी क्षणभर थांबा, आणि दादरच्या मुंबई मराठी ग्रंथसंग्रहालयात जाणे झाले तर 'छपरी पलंगाचा वग' मागून पाहा. तो मनात वाचू नका. चार माणसांत बसून मोठ्याने वाचा.